मालकीच्या गेम-डिस्कची राखीव प्रत : कायदा, यंत्र आणि जतन

तेलंगणातील निर्मल हे नगर लाकडी खेळण्यांसाठी प्रसिद्ध आहे. पोणिकी या हलक्या लाकडातून कोरलेली, लाकडाचा भुसा आणि चिंचोक्यांची खळ यांच्या लगद्याने जोडलेली व चकचकीत रंगांनी रंगवलेली फळे, पक्षी आणि जनावरे तेथील नकाशी कारागीर पिढ्यान्‌पिढ्या करीत आले आहेत. नांदेड जिल्ह्याला लागून असलेल्या या मुलखात मराठी बोलणारी घरेही बरीच आहेत. असे एखादे खेळणे विकत घेतले आणि त्याची मान मोडली, तर मालकाने ती चिकटवावी, रंग उडाला तर पुन्हा द्यावा, अंगी कसब असल्यास घरच्या मुलासाठी तसेच दुसरे करावे. त्याला कोणी हरकत घेत नाही. या खेळण्यांची भौगोलिक निर्देशन म्हणून नोंद झालेली आहे. परंतु ती नोंद ‘निर्मल’ या नावाने परका माल विकण्यास आडकाठी करते. विकत नेलेल्या वस्तूचे घरात काय व्हावे, याच्याशी तिचा संबंध नाही.

निर्मलहून नागपूर–हैदराबाद महामार्गाने दक्षिणेस दोनशेहून अधिक किलोमीटर गेले की हैदराबाद लागते. त्या शहरात २००९ च्या सुमारास वेगळ्या जातीची खेळणी तयार झाली. अरोना टेक्नॉलॉजीज या संस्थेने ‘हनुमान : बॉय वॉरियर’ हा प्लेस्टेशन २ यंत्रासाठीचा गेम तयार केला. गेमशास्त्र या दुसऱ्या हैदराबादी संस्थेने ‘देसी अड्डा’ या नावाने विटीदांडू, कबड्डी, पतंग अशा देशी खेळांचा संच त्याच यंत्रावर आणला. भारतात तयार झालेल्या, घरगुती कन्सोलवरील अगदी सुरुवातीच्या गेमांत या दोहोंची गणना होते. ते प्रामुख्याने भारतीय बाजारपेठेसाठी डिस्कवर छापले गेले. आज ज्या घरांत त्यांच्या डिस्क शिल्लक आहेत, तेथे प्रश्न एकच आहे : डिस्कवर चरे पडले, ती वाचेनाशी झाली, तर पुढे काय? आणि ती चांगली असतानाच तिची प्रत काढून ठेवली, तर तो गुन्हा होतो काय?

याचे उत्तर दोन भागांत द्यावे लागते. प्रत काढणे ही एक कृती आहे, ती प्रत यंत्रावर चालवणे ही दुसरी. कायद्याच्या आणि तंत्राच्या दृष्टीने या दोन्ही कृती निरनिराळ्या आहेत. सर्वसामान्य समजुतीत त्या एक मानल्या जातात आणि घोटाळा तेथेच होतो.

प्रथम प्रतीचा विचार करू. कॉपीराइट कायदा, १९५७ हा केंद्रीय कायदा असल्यामुळे निर्मल, नांदेड किंवा पणजी येथे नियम एकच आहे. या कायद्याच्या कलम ५२ मध्ये कोणत्या कृती कॉपीराइटचा भंग ठरत नाहीत, याची यादी दिलेली आहे. त्यातील ५२(१)(एए) हे उपकलम संगणकीय प्रणालीची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्या व्यक्तीला दोन मोकळीका देते : प्रणाली ज्या कामासाठी पुरवली त्या कामासाठी वापरता यावी म्हणून प्रत करणे, आणि हरवणे, नष्ट होणे वा नादुरुस्त होणे यांपासून केवळ तात्पुरते संरक्षण म्हणून राखीव प्रत करणे. पुढचे ५२(१)(एडी) हे उपकलम आणखी उदार आहे. स्वतः कायदेशीरपणे मिळवलेल्या प्रतीवरून, वैयक्तिक आणि बिगरव्यापारी वापरासाठी, प्रणालीची प्रत करणे त्याने वैध ठरवले आहे.

गेम ही ‘संगणकीय प्रणाली’ आहे काय, असा आक्षेप येथे घेतला जाऊ शकतो. गेममध्ये आज्ञावली असते, तसेच संगीत, चित्रे आणि चलच्चित्राचे तुकडेही असतात. परंतु हा आक्षेप फार लांब जात नाही. आज्ञावलीला वरील दोन उपकलमे लागू होतात. संगणकीय प्रणाली सोडून इतर कृतींना २०१२ च्या दुरुस्तीनंतरचे ५२(१)(ए) लागू होते आणि त्यात खासगी वा वैयक्तिक वापरासाठीच्या उचित व्यवहाराला मुभा आहे. दोन्ही बाजूंनी वाट काढता येते. मात्र प्रत्येक ठिकाणी पायाभूत अट एकच : मूळ प्रत कायदेशीर मार्गाने हाती आलेली असली पाहिजे. शेजाऱ्याकडून चार दिवसांसाठी आणलेल्या डिस्कची प्रत या चौकटीत बसत नाही. तोच गेम इंटरनेटवरून उतरवून घेणेही बसत नाही, मग कपाटात त्याची मूळ डिस्क असो वा नसो. उपकलमाची भाषा ‘त्या प्रतीवरून’ केलेल्या प्रतीची आहे.

आता चालवण्याचा भाग. साध्या संगणकाला प्लेस्टेशन २ ची डीव्हीडी वाचता येते आणि तिची संपूर्ण प्रतिमा, म्हणजे बोलीभाषेतली ‘आयएसओ’, तयार होते. पण ती कोऱ्या डीव्हीडीवर लिहून यंत्रात घातली तर यंत्र ती नाकारते. याचे कारण मूळ डिस्कच्या घडणीत आहे. पहिल्या प्लेस्टेशनमध्ये डिस्कच्या आरंभीच्या भागातील खोबणीला एक हेतुपुरस्सर दिलेला नागमोडीपणा असे. त्या नागमोडीत चार अक्षरांचा संकेत दडलेला असे आणि तो कोणत्या भूभागासाठीची डिस्क आहे हेही सांगे. साध्या रायटरला ही नागमोड उमटवता येत नाही. पुढच्या यंत्रांतही अशाच स्वरूपाची, अधिक कडक तपासणी आली. म्हणजे हे कुलूप प्रत काढण्यावर नाही, तर काढलेली प्रत ओळखून तिला दाराशी अडवण्यावर आहे. राखीव प्रत उपयोगात यायची तर यंत्रात बदल करावा लागतो.

हे बदल दोन प्रकारचे असतात. जुन्या पद्धतीत यंत्राच्या मुख्य फलकावर एक छोटी चिप डागाने जोडली जाई. तिला बाजारात मॉडचिप म्हणतात. तपासणीच्या क्षणी ती योग्य संकेत पुरवते. नव्या पद्धतीत यंत्र उघडावेही लागत नाही. प्लेस्टेशन २ च्या मेमरी कार्डवर ‘फ्री एमसीबूट’ हा कार्यक्रम ठेवला की यंत्र सुरू होताना तो आधी चालतो आणि त्यातून ‘ओपन पीएस२ लोडर’ उघडता येतो. मग गेम डिस्कवरून न वाचता हार्ड डिस्कवरून, घरच्या नेटवर्कवरून किंवा पेनड्राइव्हवरून वाचला जातो. निन्टेन्डोच्या वी यंत्रातही असेच साध्य होते. वी आणि त्याआधीच्या गेमक्यूबच्या डिस्क साध्या संगणकाच्या ड्राइव्हला सहसा वाचता येत नाहीत. त्यामुळे तेथे बदल केलेले यंत्र प्रत चालवण्याआधी ती काढण्यासाठीच लागते.

या बदलाबाबत भारतीय कायदा काय म्हणतो? २०१२ च्या दुरुस्तीने कलम ६५ए हे नवे कलम आले. कॉपीराइटच्या संरक्षणासाठी लावलेली परिणामकारक तांत्रिक उपाययोजना जो कोणी ‘त्या हक्कांचा भंग करण्याच्या उद्देशाने’ चुकवील, त्याला दोन वर्षांपर्यंत कारावास आणि दंड होऊ शकतो. अवतरणातील शब्द निर्णायक आहेत. कुलूप उघडणे हा आपल्याकडे आपोआप गुन्हा नाही. भंगाच्या हेतूने उघडणे हा गुन्हा आहे. शिवाय याच कलमाच्या दुसऱ्या पोटकलमात, या कायद्याने स्पष्टपणे मनाई न केलेल्या प्रयोजनासाठी अशी कृती करण्यास मोकळीक दिली आहे. कलम ५२ ने मान्य केलेली राखीव प्रत चालवणे हे असे प्रयोजन आहे, हा युक्तिवाद भक्कम आहे. अमेरिकेत स्थिती उलट आहे. तेथील १९९८ च्या कायद्याने कुलूप उघडण्यालाच मनाई केली आणि दर तीन वर्षांनी ठरावीक अपवाद जाहीर करण्याची पद्धत ठेवली. इंटरनेटवर मराठी-हिंदीतून दिले जाणारे ‘कन्सोल क्रॅक करणे म्हणजे गुन्हाच’ हे सरसकट विधान बहुधा त्या अमेरिकी कायद्याची सावली असते.

पण ६५ए मध्ये दुकानदारांसाठी एक तरतूद आहे आणि तिच्याकडे जवळजवळ कोणाचेच लक्ष जात नाही. मोकळीक दिलेल्या प्रयोजनासाठी दुसऱ्याला कुलूप उघडून देणाऱ्याने त्या व्यक्तीची संपूर्ण नोंद ठेवली पाहिजे : नाव, पत्ता, ओळख पटण्यास आवश्यक असा सर्व तपशील आणि कशासाठी हे काम करून दिले ते प्रयोजन. मोबाइल आणि कन्सोल दुरुस्त करणाऱ्या छोट्या दुकानांत अशी नोंदवही क्वचितच दिसेल. ग्राहक यंत्र ठेवून जातो, चिठ्ठीवर फोन क्रमांक लिहिला जातो, काम झाले की चिठ्ठी फेकून दिली जाते. उद्या तक्रार झाली, तर ‘मी केवळ बॅकअपसाठी करून दिले’ हे सांगण्याचा कागदी आधार दुकानदाराकडे उरत नाही. शंभर पानांची एक वही आणि मूळ डिस्क दाखवल्याची एका ओळीची नोंद एवढ्यावर ज्याची सुरक्षितता अवलंबून आहे, त्याने ती वही न ठेवणे हा व्यवहार म्हणून अनाकलनीय आहे.

हार्ड डिस्कमध्ये ऐंशी-शंभर गेम भरून यंत्र विकणे ही गोष्ट मात्र सर्वस्वी निराळी आहे. तेथे राखीव प्रतीचा प्रश्नच उरत नाही, कारण त्या गेमांच्या मूळ डिस्क ना विकणाऱ्याकडे असतात ना घेणाऱ्याकडे. हा कलम ६३ खालील भंग ठरतो. त्यासाठी सहा महिने ते तीन वर्षे कारावास आणि पन्नास हजार ते दोन लाख रुपये दंड आहे. हा गुन्हा दखलपात्र आणि अजामीनपात्र आहे, असा निर्वाळा सर्वोच्च न्यायालयाने मे २०२२ मध्ये निट प्रो प्रकरणात दिला. म्हणजे पोलीस वॉरंटविना अटक करू शकतात. कलम ६४ नुसार उपनिरीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याला माल जप्तही करता येतो. तुलनेने ६५ए ची कमाल शिक्षा दोन वर्षे असल्याने फौजदारी प्रक्रियेच्या सर्वसाधारण नियमानुसार तो अदखलपात्र आणि जामीनपात्र वर्गात पडतो. घेणारासुद्धा पूर्ण निर्धास्त नाही. संगणकीय प्रणालीची चोरटी प्रत जाणूनबुजून वापरणाऱ्यासाठी कलम ६३बी आहे. व्यापारी लाभासाठी वापर नसेल तर न्यायालय कारावास न देता पन्नास हजारांपर्यंत दंडावर सोडू शकते, एवढाच त्यात दिलासा. गेमच्या डिस्क भाड्याने देण्याचा धंदाही परवान्याविना करता येत नाही, कारण संगणकीय प्रणालीची प्रत व्यापारी भाड्याने देण्याचा हक्क कलम १४ ने हक्कधारकाकडे ठेवलेला आहे. व्हिडिओ कॅसेटच्या जमान्यातील सवयीने गेम-लायब्ररी चालवणाऱ्या अनेकांना हे ठाऊक नव्हते.

बाहेरच्या देशांत हाच वाद मोठ्या न्यायालयांपर्यंत गेला आहे. ऑस्ट्रेलियाच्या उच्च न्यायालयाने ऑक्टोबर २००५ मध्ये सिडनीतील एका मॉडचिप-विक्रेत्याच्या बाजूने निकाल दिला. प्लेस्टेशनचे कुलूप प्रत काढणे रोखत नाही, झालेली प्रत चालवणे रोखते, म्हणून ते कायद्यातील व्याख्येत बसत नाही, असे न्यायालयाने म्हटले. त्या देशात हा निकाल फार काळ टिकला नाही. अमेरिकेशी झालेल्या मुक्त व्यापार करारानुसार पुढच्याच वर्षी कायदा बदलला गेला. युरोपीय संघाच्या न्यायालयाने जानेवारी २०१४ मध्ये निन्टेन्डो विरुद्ध पीसी बॉक्स या इटलीहून आलेल्या प्रकरणात मधला मार्ग धरला. कुलपाला संरक्षण आहे, पण ते प्रमाणात असले पाहिजे, आणि बदलाचे साधन प्रत्यक्षात लोक कशासाठी वापरतात हे स्थानिक न्यायालयाने तपासले पाहिजे. भारतीय कलमातील ‘उद्देश’ या शब्दाचे नाते या विचाराशी अधिक जवळचे आहे.

भूभाग-संकेताचा उपद्रव गोव्यातील कुटुंबांना वेगळा सांगायला नको. तारवटीवर किंवा आखातात असलेल्या नातलगांनी निरनिराळ्या देशांतून यंत्रे आणली, डिस्क मात्र दुसरीकडच्या घेतल्या. अमेरिकेत घेतलेल्या यंत्रावर भारतात घेतलेली अस्सल डिस्कही चालत नाही. असा मालक यंत्रात बदल करून घेतो तेव्हा त्याने कोणाचा एक पैसाही बुडवलेला नसतो.

यंत्रनिर्मात्या कंपन्यांशी असलेला कराराचा भाग वेगळा आहे आणि तो कलम ५२ ने पुसला जात नाही. बदल केलेल्या यंत्राची वॉरंटी संपते. ते ऑनलाइन सेवेला जोडले तर कंपनी यंत्र किंवा खाते कायमचे बंद करू शकते. प्लेस्टेशन २ किंवा वी यांच्याबाबत ही भीती आता नाममात्र उरली आहे. चालू पिढीच्या यंत्रांबाबत ती खरी आहे. ज्या यंत्रावर खात्यात विकत घेतलेले डिजिटल गेम आहेत, त्याला हात न लावणेच शहाणपणाचे.

डिस्क किती टिकते, याविषयी दोन टोकांचे समज आढळतात. कारखान्यात छापलेली डिस्क नीट ठेवल्यास अनेक दशके टिकते. परंतु सीडी आणि डीव्हीडी यांची रचना सारखी नसते. सीडीमध्ये माहितीचा थर लेबलच्या बाजूला, लाखेच्या पातळ आवरणाखाली असतो. म्हणून चकाकत्या बाजूवरचा चरा घासून काढता येतो, पण लेबलवर पेनाने ओरखडा पडला तर सीडी गेली. डीव्हीडीत अर्ध्या मिलिमीटरहून थोड्या जाड अशा दोन चकत्या चिकटवलेल्या असतात आणि थर मध्ये सुरक्षित असतो. तिचा शत्रू चिकटपणा सुटून आत शिरणारी दमट हवा. कोकण-गोव्याच्या पावसाळ्यात बंद कपाटातील डिस्कवर बुरशीचे ठिपके येतात. निर्मल-आदिलाबादकडे दमटपणा कमी, पण उन्हाळ्याच्या तापाने गाडीत राहिलेली डिस्क वाकते. घरी लिहिलेल्या डीव्हीडीत सेंद्रिय रंगद्रव्याचा थर असतो आणि तो याहून लवकर खराब होतो. म्हणून राखीव प्रत पुन्हा कोऱ्या डीव्हीडीवर लिहून ठेवणे हा आजच्या घडीला सर्वांत कमकुवत पर्याय आहे. वयस्क झालेल्या लेझरलाही लिहिलेल्या डिस्क वाचताना अधिक ताण पडतो. टूथपेस्टने डिस्क घासण्याचा घरगुती उपाय काही वेळा लागू पडतो, काही वेळा नवे चरे देतो. आधी प्रत काढण्याचा प्रयत्न करावा, घासणे मागाहून.

प्रत काढताना डिस्क कोमट पाण्याने धुऊन, मध्यापासून कडेकडे पुसून कोरडी करावी. संगणकाचा ड्राइव्ह चांगला असावा आणि वाचनाचा वेग कमी ठेवावा. पहिल्या प्लेस्टेशनच्या सीडीत अनेकदा गाण्यांचे वेगळे ट्रॅक असतात. त्यांची साधी आयएसओ केली तर संगीत हरपते. तेथे ‘बिन’ आणि ‘क्यू’ अशी जोडी घ्यावी लागते. प्लेस्टेशन २ च्या डीव्हीडीला आयएसओ पुरते. तयार झालेल्या फाइलचा गणिती ठसा काढून तो त्याच डिस्कच्या दुसऱ्या वाचनाशी ताडून पाहावा. दोन्ही जुळले तर प्रत बिनचूक आली. ‘रीडम्प’ या संग्राहकांच्या प्रकल्पाने जगभरच्या हजारो डिस्कचे असे ठसे नोंदवून ठेवले आहेत. त्या यादीत केवळ ठसे आणि तपशील असतात, गेम नसतात. प्रत दोन वेगळ्या हार्ड डिस्कवर असावी आणि वर्षातून एकदा ती उघडून पाहावी.

चालवताना येणाऱ्या अडचणीही सांगायला हव्यात. प्लेस्टेशन २ चा यूएसबी हा जुन्या, अतिशय संथ प्रकारचा आहे. पेनड्राइव्हवरून चालवल्यास मधली चित्रदृश्ये अडखळतात आणि लोक प्रत सदोष आहे असे समजतात. जाड आकाराच्या जुन्या यंत्रात, नेटवर्क अॅडॉप्टर जोडल्यास, मागे हार्ड डिस्क बसते. तो मार्ग सर्वांत चांगला. सडपातळ यंत्राला नेटवर्क केबल बरी. जुन्या पद्धतीने फॉरमॅट केलेल्या पेनड्राइव्हवर चार जीबीहून मोठी फाइल राहत नाही, तिचे तुकडे करावे लागतात. सडपातळ यंत्रांच्या शेवटच्या, ९०००० क्रमांकाच्या मालिकेतील बहुतेक यंत्रांवर मेमरी कार्डाची युक्ती चालत नाही. जुने यंत्र विकत घेण्यापूर्वी मागच्या पट्टीवरचा क्रमांक पाहणे म्हणूनच आवश्यक.

गेमांच्या जतनाचा प्रश्न व्यक्तीपुरता नाही. अमेरिकेतील व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासानुसार तेथे प्रकाशित झालेल्या अभिजात गेमांपैकी ८७ टक्के आज बाजारात उपलब्ध नाहीत. आपल्याकडे ग्रंथांसाठी १९५४ चा कायदा आहे. प्रकाशकाला कोलकाता, मुंबई, चेन्नई आणि दिल्ली येथील ग्रंथालयांत प्रत जमा करावी लागते. गेमला तसे बंधन नाही. २०१२ च्या दुरुस्तीने बिगरव्यापारी सार्वजनिक ग्रंथालयाला जतनासाठी कृती इलेक्ट्रॉनिक रूपात साठवण्याची मुभा दिली, पण अट अशी की ग्रंथालयाकडे तिची ‘अंकीय नसलेली’ प्रत आधीपासून असावी. गेमची डिस्क मुळातच अंकीय. म्हणजे पुस्तकाचे पान स्कॅन करणाऱ्या ग्रंथालयाला ‘देसी अड्डा’ची प्रत करण्यासाठी या उपकलमाचा आधार मिळत नाही. पुण्यात जानेवारी २००३ च्या आगीत जुन्या चित्रपटांची नायट्रेट रिळे जळाली, तेव्हा एकाच ठिकाणी मूळ प्रत ठेवण्याची किंमत मराठी माणसाने पाहिली आहे. चित्रपटासाठी निदान संग्रहालय तरी होते. हैदराबादेत तयार झालेले हे गेम आज मुख्यतः घराघरांतल्या कपाटांत आहेत, आणि त्यांचा कॉपीराइट संपण्यास अजून कित्येक दशके आहेत.

राहिला मालकी बदलण्याचा मुद्दा. मूळ डिस्क विकली, भेट दिली किंवा बदल्यात दिली की विकणारा ‘कायदेशीरपणे बाळगणारा’ राहत नाही. प्रत ठेवण्याचा त्याचा आधार तेथेच संपतो. ती पुसून टाकावी किंवा डिस्कसोबत नव्या मालकाला द्यावी. डिस्क तुटली वा वाचेनाशी झाली तर मात्र तिचे तुकडे, खोके आणि खरेदीची पावती टाकून देऊ नये. राखीव प्रत ज्या मूळ प्रतीवरून काढली ती आपलीच होती, हे दाखवण्याचा पुरावा तोच असतो. यंत्र विकताना त्यातील हार्ड डिस्क काढून घ्यावी किंवा कोरी करावी. भरलेल्या हार्ड डिस्कसह यंत्र हातावेगळे केले, तर स्वतःसाठी केलेल्या प्रतींचे रूपांतर त्या क्षणी विक्रीच्या मालात होते आणि कलम ६३ लागू होते.